सफरचंदाचे कलम

मराठी मुलखाबाहेर मराठी मासिक चालविणाऱ्यांच्या टपालात कवितांचा भरणा नेहमीच अधिक असतो. साथ यावी त्याप्रमाणे काही प्रतिमा त्यांत एकाएकी येतात आणि तशाच एकाएकी ओसरतात. यंदाच्या दिवाळी अंकासाठी दिल्ली, भोपाळ, बडोदे, हैदराबाद अशा ठिकठिकाणांहून आमच्याकडे ज्या कविता आल्या, त्यांपैकी कितीतरी कवितांत सफरचंद होते. कोठे प्रेयसीने ते पुढे केले होते, कोठे कवीने ते चावले होते, कोठे अर्धवट खाल्लेले सफरचंद जमिनीवर पडून काळवंडत होते. अर्थ मात्र सगळीकडे एकच: मोह, निषेध आणि अधःपात. त्या कवितांच्या गुणावगुणांची चर्चा येथे करावयाची नाही. पण त्या वाचताना एक प्रश्न आमच्या मनात घर करून राहिला. हे फळ या कवितांत आले ते बाजारातून, की पुस्तकांतून? आणि पुस्तकांतून आले असेल, तर त्या पुस्तकांत तरी ते कोठून आले?

या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर अनेकांस अनपेक्षित वाटेल. ज्या कथेच्या आधारावर हे सारे प्रतीक उभे आहे, त्या बायबलातील उत्पत्तीच्या कथेत सफरचंदाचे नावच नाही. बागेच्या मध्यभागी असलेल्या झाडाचे ‘फळ’, एवढेच तेथे म्हटले आहे. ते कोणते फळ असावे याविषयी यहुदी पंडितांत पुष्कळ खल झाला. तालमूदमध्ये तीन पंडितांची तीन मते नोंदलेली आहेत. एकाच्या मते ते द्राक्ष, दुसऱ्याच्या मते अंजीर आणि तिसऱ्याच्या मते चक्क गहू. अंजिराच्या पक्षाला खुद्द कथेचाच आधार आहे. कारण लाज उत्पन्न झाल्यावर आदाम आणि हव्वा यांनी अंगाभोवती गुंडाळली ती अंजिराचीच पाने. चित्रकारांतही एकमत नव्हते. व्हान आयक यांनी १४३२ मध्ये पुरी केलेल्या गेंट येथील प्रसिद्ध वेदीचित्रात हव्वेच्या हाती लिंबाच्या जातीचे खडबडीत सालीचे फळ आहे. मायकेलअँजेलोने १५०८ ते १५१२ या काळात सिस्टीन चॅपेलचे छत रंगविले, तेव्हा सर्पाचे वेटोळे त्याने अंजिराच्या झाडाभोवती घातले. १५२६ मध्ये लुकास क्रानाख या जर्मन चित्रकाराने मात्र तेच झाड लालसर सफरचंदांनी लगडलेले दाखविले. पुढे जय झाला तो या सफरचंदाचा.

तो का झाला, याचे एक उत्तर फार दिवस दिले जात असे. लॅटिन भाषेत ‘मालुम’ या शब्दाचा एक अर्थ सफरचंद आणि दुसरा अर्थ पाप किंवा अनिष्ट. तेव्हा या श्लेषातून सफरचंद कथेत शिरले, असे ते उत्तर. ते चतुर आहे, आणि श्लेषावर लुब्ध होणाऱ्या आपल्यासारख्या वाचकांना पटकन पटणारेही आहे. पण अझ्झान यादिन-इस्रायल या अभ्यासकाने २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात या उत्तराची चांगलीच झडती घेतली. मध्ययुगातील लॅटिन भाष्यकारांच्या लेखनात या श्लेषाचा प्रभाव दिसत नाही, असे त्याने दाखवून दिले. त्याच्या मते खरा प्रकार घडला तो फ्रेंच भाषेत. जुन्या फ्रेंचमध्ये ‘पोम’ म्हणजे कोणतेही फळ. कथा सांगणारे लोक हव्वेने ‘पोम’ खाल्ले असे म्हणत, आणि त्यात काहीच चूक नव्हती. पुढे त्या शब्दाचा अर्थ आकुंचित होत होत केवळ सफरचंदापुरता उरला. कथेतला शब्द जागच्या जागी राहिला, फळ मात्र बदलले. जुन्या इंग्रजीतही ‘ॲपल’ या शब्दाचे पूर्वरूप कोणत्याही फळास लावीत, हे ध्यानात घेतले म्हणजे या उपपत्तीचे बळ कळते. ज्याला आज आपण जगातले एक आदिम प्रतीक म्हणून वापरतो, ते शब्दाचा अर्थ अरुंद झाल्यामुळे उद्भवलेले आहे.

थोर कवींना या गोष्टीची जाण कशी असते, हे पाहण्यासाठी मिल्टनकडे जावे. १६६७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्याच्या ‘पॅराडाइज लॉस्ट’ या महाकाव्यात निषिद्ध फळाला सफरचंद म्हटले आहे ते केवळ दोनदा. एकदा नवव्या सर्गात, एकदा दहाव्यात. आणि दोन्ही वेळा तो शब्द सैतानाच्या तोंडी आहे. पहिल्यांदा सर्परूपाने तो हव्वेला भुलवितो तेव्हा, आणि दुसऱ्यांदा नरकात परतून, एका सफरचंदावर आपण मनुष्यजातीचा घात केला अशी बढाई आपल्या साथीदारांपुढे मारतो तेव्हा. कवी स्वतः बोलतो तेव्हा तो आरंभापासून ‘फळ’च म्हणतो. हा योगायोग नव्हे, असे आम्हांस वाटते. कारण त्यापूर्वी १६४४ मध्ये लिहिलेल्या ‘अरिओपॅजिटिका’ या गद्य निबंधात मिल्टनने स्वतःच सफरचंद हा शब्द निःसंकोच वापरला आहे. म्हणजे लोकांत रूढ असलेले नाव त्याला ठाऊक होते, मान्यही होते. पण महाकाव्यात त्याने ते नाव सैतानाच्या हवाली केले. अनाम, गूढ असे जे फळ, त्याला बाजारी नाव देऊन हलके करणे, त्याचा उपहास करणे, हे सैतानाचे काम. आमच्याकडे आलेल्या कवितांत जे सफरचंद आहे, ते या दृष्टीने पाहता कवीचे नव्हे, सैतानाचे आहे!

ग्रीकांच्या कथांतील सोनेरी सफरचंदांचीही गत वेगळी नाही. त्यांच्या ‘मेलोन’ या शब्दात सफरचंदाबरोबर इतर कितीतरी गोल फळे सामावत. त्यामुळे पॅरिसने सुंदरतम देवीला दिलेले फळ, किंवा ज्यासाठी वाकल्यामुळे अटलांटा शर्यत हरली ती फळे, आजच्या अर्थाने सफरचंदेच होती असे छातीठोकपणे सांगता येत नाही. मात्र सॅफो या कवयित्रीच्या एका त्रुटित रचनेत उंच शेंड्यावर लालसर होत असलेले जे एकटे फळ आहे, आणि ज्याच्यापर्यंत तोडणाऱ्यांचे हात पोहोचले नाहीत, ते वाचताना नावाचा वाद मनात येत नाही. तेथे प्रतीक मागाहून येते. आधी झाड आहे, फांदी आहे आणि खाली उभी असलेली माणसे आहेत. हा भेद पुढे आपल्या उपयोगी पडणार आहे.

आता पुस्तके क्षणभर बाजूस ठेवून झाडाकडे वळू. सफरचंदाचे मूळ घर मध्य आशियात, तिएन-शान पर्वताच्या उतारांवर आहे. निकोलाय वाविलोव्ह हा रशियन वनस्पतिशास्त्रज्ञ १९२९ मध्ये तेथे गेला, आणि अल्मा-अता शहराच्या परिसरातील रानटी सफरचंदांची जंगले पाहून, याच प्रदेशात या फळाचा उगम असावा, असे मत त्याने मांडले. त्या शहराच्या नावातला ‘अल्मा’ म्हणजे सफरचंदच. आज ते अल्माटी म्हणून ओळखले जाते. २०१० मध्ये सफरचंदाची जनुकीय संहिता उलगडण्यात आली, तेव्हा आपण खातो त्या फळाचा मुख्य पूर्वज या जंगलांतलाच, हे पुरते स्पष्ट झाले. पश्चिमेकडे जाताना वाटेत युरोपातल्या रानटी जातींशी त्याचा संकर होत गेला.

या झाडाचा एक स्वभाव आहे, आणि कोकणात ज्यांचे घर आहे त्यांना तो समजावून सांगावा लागणार नाही. सफरचंदाची बी पेरली तर त्या बीतून मूळ झाडासारखे फळ येत नाही. एकाच फळातल्या पाच बिया पेराव्यात, तर पाच तऱ्हेची झाडे उगवतात, आणि त्यांपैकी बहुतेकांची फळे आंबट, तुरट नाहीतर अगदीच बारीक निघतात. आपल्या रायवळ आंब्याची तऱ्हा पुष्कळशी अशीच. म्हणून ज्याला चांगले सफरचंद हवे, त्याला कलमच बांधावे लागते. हे ज्ञान प्राचीन आहे. इसवी सनापूर्वी तीनशेच्या सुमारास थिओफ्रास्टस या ग्रीक पंडिताने कलमांविषयी लिहून ठेवले आहे. आज बाजारात जी ‘डेलिशस’ जातीची सफरचंदे येतात, त्यांचे मूळ झाड अमेरिकेतील आयोवा प्रांतात जेसी हायट नावाच्या शेतकऱ्याच्या बागेत आपोआप उगवलेले एक रोप होते. त्याने ते नको म्हणून तोडले, तरी ते पुन्हा फुटले. अखेर त्याने ते वाढू दिले. १८९४ मध्ये एका रोपवाटिकेने त्याचे हक्क घेतले, आणि त्या एका झाडाच्या काड्या जगभर गेल्या.

मराठीत या क्रियेला ‘कलम’ म्हणतात, आणि लेखणीलाही आपण ‘कलम’च म्हणतो. हे साम्य केवळ शाब्दिक नाही, असे या फळाचा इतिहास वाचताना आम्हांस वाटू लागले. सफरचंदाप्रमाणेच त्याचा अर्थही बीजातून जसाच्या तसा उतरत नाही. कोणीतरी तो एका भाषेतून कापून दुसऱ्या भाषेच्या खोडावर बांधतो. बांधलेली काडी जगायची असेल तर खालचे खोड जिवंत हवे, त्याची मुळे त्या मातीत हवीत. आपल्या कवींनी काडी आणली आहे. खोड कोठे आहे, हा आमचा प्रश्न आहे.

पाश्चात्त्य वाङ्मयात हे खोड कसे असते, हे तीन लेखकांकडे पाहिले तरी कळेल. हेन्री डेव्हिड थोरो याचा ‘वाइल्ड ॲपल्स’ हा निबंध त्याच्या मृत्यूनंतर १८६२ मध्ये प्रसिद्ध झाला. बागेतल्या कलमी फळांपेक्षा कुंपणाबाहेर आपोआप वाढलेल्या बेवारस झाडांची आंबट फळे त्याला प्रिय आहेत. पण ती घरात बसून नव्हे, थंडीत चालता चालता खावीत, असा त्याचा आग्रह आहे. इव्हान बुनिनच्या १९०० मधील ‘अंतोनोव्ह सफरचंदे’ या कथेत कथानक जवळजवळ नाहीच. आहे तो एक वास. शरद ऋतूत बागेत रचलेल्या फळांचा वास. जमीनदारी वाड्यांतून तो वास हळूहळू नाहीसा होतो, आणि त्याबरोबर एक संपूर्ण जीवनपद्धती विझून जाते. रॉबर्ट फ्रॉस्टची ‘आफ्टर ॲपल-पिकिंग’ ही कविता १९१४ मधील. तीत शिडी आहे, दिवसभर शिडीच्या पायरीवर उभे राहिल्याने दुखणारा तळपाय आहे, आणि जमिनीला लागलेले फळ कितीही चांगले असले तरी ते रस काढण्याच्या ढिगात टाकण्याचा बागाइतांचा रोकडा व्यवहार आहे. या कवितेत एदेन बागेची छाया अनेक टीकाकारांना दिसली आहे, आणि ती चुकीची नाही. पण ती छाया आहे, हे महत्त्वाचे. आधी शिडी भिंतीसारखी खरी उभी आहे, म्हणून तिची छाया पडते.

आता आपल्याकडे येऊ. हिंदुस्थानाच्या उत्तर सीमेवर हे फळ जुने आहे. बाबराने आपल्या आत्मचरित्रात समरकंदच्या ज्या दोन फळांची कीर्ती सांगितली आहे, त्यांत एक सफरचंद आहे. काश्मीरची अंबरी ही जात तर तेथील स्वतःची म्हणून प्रसिद्ध आहे. तरीही बाराव्या शतकात कल्हणाने ‘राजतरंगिणी’त काश्मीरचे वैभव मोजताना विद्या, उंच घरे, केशर, हिमशीतल पाणी आणि द्राक्षे यांची नावे घेतली, सफरचंदाचे घेतले नाही. संस्कृत कवीच्या मनात ज्या फळाला जागा होती ते फळ आंबा. त्याचा मोहोर हा मदनाचा बाण. ‘शाकुंतला’च्या सहाव्या अंकात दोन दासी आंब्याची मंजरी खुडून मदनालाच वाहतात. मोहाचे झाड आपल्याकडे होतेच, आणि त्यावर शाप नव्हता.

हिमाचलातील सफरचंद तर अगदी अलीकडचे. १८७० च्या सुमारास कुलूच्या खोऱ्यात कॅप्टन ली याने इंग्रजी जातींची बाग केली. पण त्या फळांचा आंबटपणा येथल्या जिभांना रुचला नाही. फिलाडेल्फियाहून १९०४ मध्ये कुष्ठरोग्यांच्या सेवेसाठी आलेला सॅम्युएल स्टोक्स कोटगढला स्थायिक झाला. तेथल्याच मुलीशी त्याने लग्न केले, आणि १९१६ च्या सुमारास ‘डेलिशस’ची रोपे मागवून लावली. आयोवातल्या त्या हट्टी रोपाची फांदी अशी सिमल्याच्या डोंगरावर आली. १९२१ मध्ये असहकाराच्या चळवळीत तो तुरुंगात गेला. १९३२ मध्ये हिंदू होऊन सत्यानंद झाला. आपण आणलेल्या फळाबरोबर तो माणूसही या मातीत रुजला.

आणि मराठीत? मराठीत या फळाचे नावच एक प्रवासी आहे. ‘सफरचंद’ या शब्दात लोकांना सफर आणि चंद्र दिसतात. पण कोशकार त्याचा संबंध अरबी ‘सफरजल’ या शब्दाशी लावतात. गुजरातीतील ‘सफरजन’ हे त्याचेच भावंड. आणि अरबीत सफरजल म्हणजे सफरचंद नव्हेच. ते बिहीचे फळ. पेरू हे नावही असेच पोर्तुगीजांच्या नासपतीच्या नावावरून आले, असे मानतात. दुसऱ्यांची नावे भलत्याच फळांना देऊन ती आपण आपली केली. आम्ही दिल्लीकर मराठी माणसे घरातल्या मुलांनी ‘सेब’ म्हटले की ‘सफरचंद म्हण’ म्हणून त्यांना दटावतो. तो आग्रह आम्ही सोडणार नाही. पण ज्या शब्दासाठी आपण भांडतो तोही कलमीच आहे, हे ठाऊक असलेले बरे.

शब्द आला, पण भाषेच्या अंतरंगात हे फळ फारसे उतरले नाही. आवळा देऊन कोहळा काढणारे आपल्याकडे आहेत, उंबराचे फूल आहे. सफरचंदाची म्हण आम्हांस आठवत नाही. नासक्या सफरचंदाने पिंप नासते, असे इंग्रज म्हणतो. आपल्याकडे नासका आंबा अढी नासवितो. अनुवादक जेथे सफरचंद आणि पिंप तसेच ठेवतो, तेथे वाचकाच्या नाकाला वास येत नाही. अढी म्हटली की पेंढ्यासकट येतो. इंग्रजी बायबलात प्रिय व्यक्तीला ‘डोळ्यातले सफरचंद’ म्हटले आहे. मूळ हिब्रू शब्दाचा अर्थ मात्र ‘डोळ्यातला छोटा माणूस’ असा आहे. आपण ज्याला डोळ्यातली बाहुली म्हणतो, ते मूळ हिब्रूला इंग्रजीपेक्षा अधिक जवळचे आहे. उसने घेण्याची घाई केली म्हणजे आपल्या घरातली ठेव कशी नजरेआड होते, याचा याहून चांगला नमुना आम्हांस आढळला नाही.

याचा अर्थ मराठी सफरचंदाला अर्थच नाही, असा मात्र नव्हे. तो आहे, फक्त कवितेने त्याच्याकडे पाहिलेले नाही. ज्यांचे बालपण मध्यमवर्गीय मराठी घरात गेले, त्यांच्यापैकी अनेकांच्या घरी सफरचंद आले ते तापाबरोबर. एरवी केळी, पेरू, बोरे असत. सफरचंद महाग; ते कागदात गुंडाळून येई, आणि आजाऱ्याच्या उशाशी राही. आई त्याच्या पातळ फोडी करी. आजाऱ्याच्या वाटच्या फोडी झाल्या की भावंडांना एकेक मिळे, आणि मधला बियांचा भाग आईच्या वाट्याला येई. रुग्णालयात भेटीला जाताना आपण आजही दारातल्या गाडीवरून तेच घेतो. रोज एक सफरचंद खाल्ल्याने डॉक्टर दूर राहतो, असे इंग्रजीत म्हणतात. आपल्याकडे डॉक्टर येऊन गेल्यावर सफरचंद येते. कोणाला हेवा वाटावा, म्हणून मुद्दाम आजारी पडावेसे वाटे, इतके त्या फोडींचे आकर्षण होते. मोह म्हणावयाचा तर हा आपला मोह. त्यात काळजी आहे, काटकसर आहे, आईचा न सांगितलेला उपास आहे.

येथे कोणी विचारील, परकी प्रतिमा वापरूच नये, असे का आपले म्हणणे आहे? मुळीच नाही. ज्या हापूसचा आपण एवढा अभिमान बाळगतो, त्याचे नाव पोर्तुगीज ‘अफोन्सो’वरून आले, आणि आंब्यावर कलमे बांधण्याची कला गोव्यात वाढविली तीही पोर्तुगीजांनीच. काडी कोणाची हे पाहून झाड तोडावयाचे, तर कोकणात काय उरेल? पण हापूस हापूस झाला तो गावठी आंब्याच्या खोडावर, तिथल्या पावसात. एदेनचे सफरचंदही मराठीत अवश्य यावे. ज्यांच्या घरी ती कथा लहानपणापासून ऐकली जाते अशा मराठी ख्रिस्ती कवीच्या रचनेत ते आले, तर आम्ही ते आदराने वाचू. कारण तेथे खोड आहे. केवळ वाचनातून तोडलेली काडी मात्र फुलदाणीत चार दिवस टवटवीत दिसते, इतकेच.

शेवटी एक गोष्ट नमूद केली पाहिजे. त्याच टपालात भोपाळहून आलेली एक लहानशी कविता होती. वडिलांच्या खाटेजवळ स्टीलच्या ताटलीत कापून ठेवलेल्या फोडी आहेत; त्या कोणी खात नाही; संध्याकाळपर्यंत त्या काळवंडतात; मुलगी ताटली उचलून विसळते. सर्प नाही, बाग नाही, मोह हा शब्दही नाही. वृत्तात दोन ठिकाणी चूक होती, ती आम्ही कवयित्रीला कळविली आहे. दिवाळी अंकात ती कविता आम्ही सर्वांत आधी घेतली आहे.